नातीचे नाव ‘कातारीना’: अर्थ कोणता धरायचा?

पत्राचा सारांश

पुण्याच्या एक वाचक लिहितात: “मी मराठी हिंदू घरातली आणि माझे पती दक्षिण गोव्यातले कॅथलिक. आमची मुलगी दोन महिन्यांची झाली. जन्मनोंद झाली आहे, पण नावाचा रकाना अजून रिकामाच आहे. सासू-सासरे आखातात नोकरीला असल्यामुळे पतींना त्यांच्या आजीने वाढवले. आजींचे नाव कातारीना. त्या गेल्या वर्षी वारल्या आणि मुलीला त्यांचेच नाव द्यावे अशी पतींची फार इच्छा आहे. बारशाच्या याद्या करताना माझ्या आईने विचारले, ‘अर्थ काय गं याचा?’ मी मोबाइलवर शोधले, तर एका ठिकाणी ‘शुद्ध’, दुसऱ्या ठिकाणी ‘यातना’ आणि तिसऱ्या ठिकाणी जादूटोण्याची देवी ‘हेकाटी’ असे अर्थ निघाले. आई म्हणाली, ‘असल्या अर्थाचे नाव माझ्या नातीला नको.’ मामांनी भर घातली की ज्या संतिणीच्या सणाला पोर्तुगिजांनी गोवा घेतला, तिचेच हे नाव. मला स्वतःला ‘शुद्ध’ हा अर्थही खटकतो; मुलीवर जन्मतःच पहारा बसवल्यासारखा वाटतो. आई तशी कर्मठ नाही. तिचे स्वतःचे माहेरचे नाव लग्नात बदलले होते, हे आम्हा भावंडांना मोठेपणी कळले. आता बारसे आणि बाप्तिस्मा दोन्ही अडले आहेत. या नावाचा खरा अर्थ कोणता ते एकदा नक्की सांगा, म्हणजे वाद मिटेल.”

उत्तर

सर्वप्रथम मुलीच्या जन्माबद्दल तुम्हा दोघांचे अभिनंदन. तुम्ही माझ्याकडे निवाडा मागितला आहे. तो मला देता येणार नाही, कारण तुम्ही समजता तसा या नावाचा एकच खरा अर्थ कोणाच्याच हाती लागलेला नाही. युरोपातल्या जवळपास प्रत्येक भाषेत हे नाव शिरले, तिथे त्याची डझनावारी रूपे झाली, पण त्याचा उगम नेमका कशात आहे यावर व्युत्पत्तीच्या जाणकारांचे एकमत नाही. तुमच्या मोबाइलवर जे तीन अर्थ दिसले, त्यांपैकी प्रत्येकामागे काहीतरी आधार आहे आणि प्रत्येकाला काहीतरी अडचणही आहे. त्या अडचणी समजून घेतल्या तर आईशी बोलायला तुम्हाला अधिक भक्कम जागा मिळेल, म्हणून आधी त्या सांगते.

ग्रीकमध्ये या नावाचे सर्वांत जुने ज्ञात रूप ‘ऐकातेरिने’ असे आहे. आजचे ग्रीक लोक ते ‘एकातेरिनी’ असे उच्चारतात आणि घरात ‘कातेरिना’ म्हणतात. आरंभीचा हा स्वर पश्चिमेकडच्या भाषांनी गाळून टाकला. रशियनने मात्र ‘येकातेरिना’ या रूपात तो जपला. आता या रूपातला ‘त’ पाहा. ‘शुद्ध’ हा अर्थ ज्या ग्रीक शब्दावरून काढतात तो ‘कथारोस’, आणि त्यात ‘थ’ आहे. प्राचीन ग्रीकमध्ये ‘त’ आणि ‘थ’ आपल्यासारखेच वेगळे वर्ण होते. ‘तार’ आणि ‘थार’ हे एकच शब्द आहेत असे कोणी सांगितले तर आपण जसे थबकू, तसेच इथेही थबकायला हवे. घडले ते असे असावे की आरंभीच्या ख्रिस्ती समाजाच्या कानाला ‘कातेरिना’ हे ‘कथारोस’च्या जवळचे वाटले, अर्थ सुंदर होता, म्हणून तो नावाला जोडला गेला, आणि मग लॅटिन लेखकांनी ‘कातेरिना’ या लेखनात ‘ह’कार घालून ‘काथारिना’ असे लिहायला सुरुवात केली. म्हणजे अर्थावरून नाव ठरले नाही. अर्थ मागाहून आला आणि त्याने नावाचे स्पेलिंग बदलले. इंग्रजी ‘कॅथरिन’मधला ‘थ’ हा त्या उलट्या प्रवासाचा अवशेष आहे. तुमच्या आजेसासूबाईंच्या पोर्तुगीज वळणाच्या ‘कातारीना’त तो उच्चारला जात नाही.

तरीही हा अर्थ खोटा म्हणून मी बाजूला सारणार नाही, कारण दीड हजार वर्षांहून अधिक काळ हे नाव ठेवणाऱ्यांनी तोच मनात धरला. प्रश्न आहे तो तुमच्या खटकण्याचा. ‘शुद्ध’ म्हणताच तुम्हाला सोवळे, पहारा, मुलीच्या शरीरावर लादलेली अपेक्षा असे सगळे आठवते. आपल्याकडच्या अनुभवातून आलेली ही आठवण चुकीची नाही. पण ‘कथारोस’ हा शब्द ग्रीक लोक पुष्कळ साध्या गोष्टींसाठी वापरत असत. गढूळ नसलेले पाणी, पाखडून निवडलेला गहू, कोंडा काढलेल्या पिठाची भाकरी, ढग नसलेले आकाश, या सगळ्यांना तो चाले. मत्तयच्या शुभवर्तमानात ‘जे अंतःकरणाचे शुद्ध ते धन्य’ हे जे वचन आहे, त्यातही हाच शब्द आहे आणि तो स्त्री-पुरुष सर्वांना उद्देशून आहे. ज्यांनी महाविद्यालयात साहित्यशास्त्र वाचले असेल त्यांना ॲरिस्टॉटलचे ‘कॅथार्सिस’ आठवेल; तेही याच कुळातले. आणि दूर कशाला जायचे? तुमच्या आईच्या पिढीतल्या विमल, निर्मला, अमला यांच्या नावांत दुसरे काय आहे? विमलमावशींच्या नावात आपल्याला पहारा ऐकू येत नाही, कारण त्या नावाला आपण माणसासकट ओळखतो.

‘यातना’ या अर्थाविषयी फार वेळ घालवण्याचे कारण नाही. ग्रीकमध्ये ‘ऐकिया’ म्हणजे मारहाण, छळ, अवमान. अथेन्सच्या कायद्यात मारहाणीच्या फिर्यादीला हाच शब्द होता. नावाच्या आरंभीचा ‘ऐ’ त्याच्याशी जुळतो, एवढाच या तर्काचा आधार. अलेक्झांड्रियाच्या संत कॅथरिनची कथा छळाची असल्यामुळे कथेकडून नावाकडे उलटे चालत कोणीतरी हा अर्थ गाठला असावा असे मला वाटते. पोटच्या मुलीचे नाव कोणते आईवडील ‘यातना’ ठेवतील?

हेकाटीचे प्रकरण मात्र थांबून पाहण्यासारखे आहे. नावाचा तिच्याशी संबंध सिद्ध झालेला नाही, पण क्षणभर तो खरा मानला तरी तुमच्या आईने घाबरावे असे त्यात काय आहे ते पाहू. ‘जादूटोण्याची देवी’ ही तिची ओळख बरीचशी उत्तरकालीन आणि एकांगी आहे. ख्रिस्तपूर्व आठव्या-सातव्या शतकाच्या सुमारास होऊन गेलेल्या हेसिओड या कवीने देवांच्या उत्पत्तीविषयी जे काव्य रचले, त्यात या देवीची दीर्घ स्तुती आहे. देवांचा राजा झ्यूस याने तिचा इतर सर्वांहून अधिक मान राखला, पृथ्वी, समुद्र आणि आकाश या तिन्हींत तिला वाटा मिळाला, आणि ती लहान मुलांचे पालनपोषण करणारी आहे, असे हेसिओड सांगतो. बाळाच्या आजीने नाक मुरडावे असा हा परिचय नाही. पुढे ती तिठ्यांची, उंबरठ्यांची आणि रात्रीची देवता झाली. चांद्रमास संपताना, चंद्र दिसेनासा होई त्या रात्री, अथेन्समधली घरे तिठ्यावर तिच्यासाठी अन्न ठेवून येत. अवसेला तिठ्यावर उतारा ठेवणारी आणि वेशीवरच्या देवीला नारळ फोडणारी माणसे ज्या प्रदेशात आहेत, तिथल्या आईला ही देवी समजावून सांगणे अवघड जाऊ नये. वेशीवरची देवी कडक असते. म्हणून तिला कोणी अभद्र म्हणत नाही.

नावांच्या याद्यांत सहसा न सापडणारा आणखी एक तर्क आहे. ग्रीकमध्ये ‘हेकातेरोस’ म्हणजे ‘दोहोंपैकी प्रत्येक’, आणि ‘ऐकातेरिने’ हे त्यावरून आले असावे असे काही अभ्यासकांना वाटते. दोन घरांच्या, दोन भाषांच्या, दोन धर्मांच्या मुलीसाठी हा अर्थ इतका नेमका बसतो की तो खरा असावा असा मोह मलाही होतो. त्या मोहापायीच सांगते की हाच खरा अर्थ म्हणून आईपुढे ठेवू नका. तो सिद्ध नाही, आणि उद्या मामांनी मोबाइल उघडून दुसरा अर्थ दाखवला की तुमच्या इतर सगळ्या बोलण्यावरचा विश्वास जाईल. आईला जे आहे ते सांगा: चार तर्क आहेत, एकही सिद्ध नाही, जगाने मनात धरला तो ‘निर्मळ’ हा अर्थ.

आता तुमच्या मूळ गृहीताकडे येते. नावाचा कोशातला अर्थ मुलीच्या आयुष्यावर उतरतो, असे तुम्ही सगळ्यांनीच धरून चालला आहात. अर्थाने मुलीला इजा होते ती कधी, याचे आपल्या महाराष्ट्रातच ढळढळीत उदाहरण आहे. मुलगी नको होती म्हणून तिचे नावच ‘नकुशा’ ठेवण्याची रीत सातारा जिल्ह्यात होती. २०११ साली जिल्हा परिषदेने समारंभ करून अशा २८५ मुलींची नावे बदलली. ते नाव उच्चारणाऱ्या प्रत्येकाला, वर्गातल्या बाईंपासून पाणवठ्यावरच्या शेजारणीपर्यंत, त्याचा अर्थ ऐकू येत होता. जखम तिथे होती. ‘कातारीना’तला कोणताही ग्रीक अर्थ पुण्यातल्या किंवा मडगावातल्या माणसाला ऐकू येत नाही. तुमच्या मुलीला भोवतालच्या भाषेत त्या नावाचे काय ऐकू येईल, हा विचार अधिक महत्त्वाचा आहे, आणि तो तुमच्या पत्रात कुठेच नाही.

तो माझ्या परीने करून पाहते. मराठी शाळूसोबत्यांना ‘कातारीना’त आधी ‘कात्री’ ऐकू येईल. चिडवायचे झालेच तर तेच होईल. प्रौढ कानाला ‘कातर’ हा शब्द जाणवेल, आणि कातरवेळ हा काही वाईट शब्द नाही. कॅटरिना कैफ या अभिनेत्रीमुळे नावाचे एक रूप हिंदी चित्रपट पाहणाऱ्या प्रत्येक घरात आधीच पोहोचले आहे, त्यामुळे ‘हे कसले परके नाव’ असा प्रश्न ऐकावा लागणार नाही. उलट ‘अच्छा, कॅटरिना!’ असे दुरुस्त करून म्हणणारे बरेच भेटतील आणि दरवेळी ‘कॅ नव्हे, का’ असे सांगत बसावे लागेल. हा त्रास लहान आहे, पण तो रोजचा असेल. म्हणून नाव ठरवण्याआधी एक आठवडा घरात मुलीला त्याच नावाने हाक मारून पाहा. दारातून, दुसऱ्या खोलीतून, घाईत. तुमच्या आईच्या तोंडी त्याचे काय रूप होते तेही ऐका. गोव्यात ‘कातरीन’ असे आटोपशीर रूप चालते; तुमच्या घरात काहीतरी तिसरेच होईल आणि कदाचित तेच टिकेल.

मामांचा आक्षेप वेगळ्या जातीचा आहे आणि तो हसण्यावारी नेण्यासारखा नाही. अफोन्सो द अल्बुकर्कने १५१० साली गोवा आधी एकदा घेतला, काही महिन्यांतच गमावला, आणि २५ नोव्हेंबरला, म्हणजे संत कॅथरिनच्या सणाच्या दिवशी, पुन्हा जिंकला. त्यानंतर शहरातल्या मुसलमान रहिवाशांची कत्तल झाली. विजयाची कृतज्ञता म्हणून त्याने तिथे संत कॅथरिनचे कपेल, म्हणजे छोटे प्रार्थनाघर, बांधले. १५६२ साली सुरू होऊन १६१९ मध्ये पूर्ण झालेले जुन्या गोव्यातले ‘से’ कॅथेड्रल हेही तिलाच अर्पण केलेले असून मुख्य वेदीवर तिच्या हौतात्म्याचे प्रसंग कोरलेले आहेत. एवढे मामांचे खरे. पण ही संत पोर्तुगालची नव्हती. परंपरेनुसार ती इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियाची, चौथ्या शतकाच्या आरंभीची एक विदुषी. तिने रोमन सम्राटाला त्याच्या अन्यायाबद्दल तोंडावर सुनावले, त्याने तिला गप्प करण्यासाठी बोलावलेल्या पन्नास पंडितांना वादात हरवले, खिळ्यांच्या चाकावर तिला मारायला निघाले तेव्हा चाकच मोडले, आणि अखेर तिचा शिरच्छेद झाला. खांबावर गरगरणाऱ्या आतषबाजीच्या चक्राला इंग्रजीत तिचे नाव आहे ते त्या चाकामुळे. ती खरोखर होऊन गेली का याविषयी इतिहासकारांना शंका आहे. चर्चनेही १९६९ साली तिचा सण रोमन पंचांगातून वगळला होता आणि २००२ साली पुन्हा घेतला. तरीही कथा म्हणून पाहिली, तर सत्ताधीशाशी वाद घालणाऱ्या बाईचे नाव एका विजेत्याने आपल्या विजयाला चिकटवले, असे मामांना म्हणता येईल. चिकटवणाऱ्याचा राग नावावर काढायचा का, हे त्यांनी ठरवावे.

मामांना आणखी एक गोष्ट सांगता येईल. पोर्तुगालची राजकन्या कातारीना द ब्रागांझा हिचा जन्म १६३८ सालच्या २५ नोव्हेंबरचा. १६६१ च्या तहानुसार तिचा इंग्लंडच्या दुसऱ्या चार्ल्सशी विवाह ठरला आणि तिच्या आंदणात मुंबई इंग्रजांकडे गेली. १६६८ साली राजाने ती वर्षाला दहा पौंड भाड्याने ईस्ट इंडिया कंपनीला देऊन टाकली. म्हणजे आपल्या राजधानीच्या कुळकथेत एक कातारीना आहेच, आणि तिलाही कोणी काही विचारले नव्हते.

आता आईविषयी, कारण माझ्या मते या पत्राचा गाभा तिथे आहे. आईने अर्थ कधी विचारला, हे तुमचे तुम्हीच लिहिले आहे: बारशाच्या याद्या करताना. म्हणजे नाव तोवर तुम्हा दोघांत जवळपास ठरले होते आणि आईच्या कानी ते एक निर्णय म्हणून आले. मराठी घरात ‘नाव तुमच्याकडच्या आजीचे का, माझ्याकडचे काहीच का नाही’ असे मुलीच्या आईने जावयासमोर विचारणे बरे दिसत नाही. ‘अर्थ काय गं याचा?’ हे मात्र विचारता येते. तुम्ही त्या प्रश्नाचे शब्दशः उत्तर शोधायला निघालात, आणि मोबाइलने नेमकी हरकत घ्यायला हवी तशी सामग्री आईच्या हाती दिली. उद्या मी ‘याचा अर्थ लक्ष्मी’ असे सिद्ध करून दिले तरी आईचे समाधान होईल असे मला वाटत नाही. तुमच्याशी सहमत नसण्याचे माझे मुख्य कारण हेच आहे.

शिवाय, आईचे माहेरचे नाव लग्नात बदलले, हे तुम्ही पत्रात जाता जाता सांगून गेलात. ताटातल्या तांदळांत अंगठीने नवे नाव लिहिले जाते, पेढे वाटले जातात, आणि वीस-बावीस वर्षे ज्या नावाला ती मुलगी ‘ओ’ देत होती ते नाव त्या दिवसापासून फक्त माहेरच्या म्हाताऱ्यांच्या तोंडी उरते. असे जगभर होत आले आहे. रशियाच्या दोन्ही सम्राज्ञी कॅथरिन जन्माने कॅथरिन नव्हत्याच. पहिली मार्ता होती, दुसरी जर्मन राजकन्या सोफी, आणि दोघींनाही ऑर्थोडॉक्स पंथात घेताना ‘येकातेरिना’ हे नाव दिले गेले. ज्या बाईचे नाव तिला न विचारता बदलले, तिला नातीच्या नावाबाबतही न विचारता कळवले गेले, तर तिने अर्थाचा मुद्दा धरून बसणे मला हट्ट वाटत नाही. तिच्याकडे एकटीने जा. जावई, मामा, मोबाइल यांपैकी कोणीही सोबत नको. नावाचा विषय काढण्याआधी तिला तिच्या स्वतःच्या पहिल्या नावाबद्दल विचारा: ते कोणी ठेवले होते, बदलले तेव्हा काय वाटले. त्या बोलण्यातून काही निघेलच असे नाही, पण तुमच्या घरात हे बोलणे राहून गेलेले दिसते. तेच नाव मुलीचे दुसरे नाव म्हणून सुचवावेसे तुम्हाला वाटले तर जरूर सुचवा. मात्र ‘हे घे आणि कातारीनाला हो म्हण’ अशा थाटात नको, आईला ते लगेच कळेल.

पतींशीही एक बोलणे राहिले आहे. तुमच्या पत्रात ‘पतींची फार इच्छा आहे’ असे आहे, ‘शुद्ध खटकते’ असे आहे, पण ‘मला हे नाव आवडते’ असे वाक्य मला सापडले नाही. कदाचित ते तुम्हाला इतके उघड वाटले असेल की लिहायचे राहिले असेल. तसे नसेल, तर आईच्या हरकतीआड तुमची स्वतःची हरकत लपलेली आहे का ते तपासा. आजीने वाढवलेल्या माणसाला तिच्या जाण्यानंतर तिचे नाव घरात हवेसे वाटणे मला फार समजते. पण ते नाव तान्ह्या मुलीला देताना तिच्यावर आजींची जागा भरण्याचे काम पडू नये, एवढे त्यांच्याशी बोलून घ्या. आजींविषयी तुमच्या आईला त्यांनी कधी काही सांगितले आहे का? आजींची आठवण सांगायला जावयाने स्वतः आईसमोर बसणे, हे दहा व्युत्पत्तींपेक्षा उपयोगाचे ठरेल.

पर्याय मला तीन दिसतात. ‘कातारीना’ एवढेच नाव ठेवणे हा पहिला; आईशी नीट बोलणे झाले तर यात काहीही अडचण नाही. दुसरा, अर्थ जुळवून ‘निर्मला’ किंवा ‘अमला’सारखे मराठी नाव ठेवून ‘आजींचेच नाव आहे हे’ असे म्हणणे. तो मला सर्वांत कच्चा वाटतो, कारण ज्या अर्थाचा पाया डळमळीत आहे त्याच्यावर ते उभे राहते, आणि पतींना हवा आहे तो आजींना मारलेल्या हाकेचा आवाज त्यात उरतच नाही. तिसरा पर्याय दोन नावांचा आहे आणि आपल्या दोन्ही समाजांना तो परका नाही. पाळण्यातले नाव एक, नावरसाचे दुसरे, हाक मारायचे तिसरे, हे मराठी घरांत पिढ्यान्‌पिढ्या चालत आले आहे; गोव्याच्या कॅथलिक घरांतही बाप्तिस्म्याचे नाव आणि हाकेचे नाव वेगळे असणे नवीन नाही. तुमच्या जागी मी असते तर याच पर्यायाकडे झुकले असते, मात्र कोणते नाव कागदावर पहिले येणार याचा निर्णय आधी करून, म्हणजे पुढे शाळेत प्रवेश घेताना तोच वाद नव्याने उभा राहणार नाही.

कोणी वडीलधारे शास्त्राचा आधार काढतील तर त्यांना सांगण्यासारखे थोडे आहे. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात स्त्रीचे नाव उच्चारायला सोपे, कठोर नसलेले, स्पष्ट अर्थाचे आणि शेवटी दीर्घ स्वर असलेले असावे असे म्हटले आहे. ‘कातारीना’ शेवटच्या परीक्षेत उत्तीर्ण, अर्थाच्या परीक्षेत नापास. आपल्याकडच्या कित्येक आधुनिक नावांचा निकालही हाच लागेल. आणि पुण्याच्या वाचकांना घराजवळचा दाखला हवा असेल तर कार्ल्याच्या चैत्यगृहातले खांब पाहावेत. तिथल्या कोरीव लेखांत धेनुकाकट गावच्या, स्वतःला ‘यवन’ (म्हणजे ग्रीक किंवा पश्चिमेकडून आलेले परदेशी) म्हणवणाऱ्या दात्यांची नावे आहेत, आणि ती ‘सिहधय’, ‘धम्म’ अशी अस्सल इथली आहेत. नावांची देवघेव दोन्ही बाजूंनी फार जुनी आहे.

घाई मात्र करू नका, कारण कायद्याने ती करायला लावलेली नाही. जन्मनोंदीत मुलाचे नाव बारा महिन्यांपर्यंत विनाशुल्क भरता येते, आणि त्यानंतरही विलंब शुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत. एकदा नोंदलेले नाव बदलणे मात्र कटकटीचे असते, म्हणून रिकामा रकाना हा सध्या तुमचा मित्र आहे. दुसरे, १ मे २०२४ रोजी वा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या बाबतीत महाराष्ट्र शासनाने सरकारी कागदपत्रांवर मुलाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव आणि आडनाव हा क्रम लावला आहे. म्हणजे तुमच्या मुलीच्या नावाला लागूनच तुमचे मराठी नाव येणार आहे. हे आईला दाखवा. पूर्ण नाव कागदावर लिहून दाखवा, नुसते सांगू नका. ‘आपल्याकडचे काहीच नाही’ ही खंत असेल तर तिचे निम्मे उत्तर त्या ओळीत आहे.

उरला प्रश्न लेखनाचा. मराठीत ‘कातारीना’, ‘कातरीना’, ‘कॅटरिना’, ‘कॅथरिना’ यांपैकी जे ठरवाल ते जन्मदाखला, बाप्तिस्म्याचा दाखला, आधार आणि पुढे पारपत्र यांवर एकसारखे असू द्या. रोमन लिपीतल्या स्पेलिंगलाही हेच लागू. आजींचे स्वतःचे स्पेलिंग काय होते ते पतींना त्यांच्या गावच्या इगर्जीतल्या (चर्चमधल्या) नोंदवहीत पाहायला सांगा. सुरुवातीला ‘के’ नसून ‘सी’ असेल याची मला बरीच खात्री आहे. ‘टी’पुढे ‘एच’ आहे का ते मात्र मुद्दाम पाहावे लागेल, कारण १९११ च्या लेखनसुधारणेआधी पोर्तुगीजमध्येही तो मुका ‘एच’ लिहीत असत आणि जुन्या वळणाच्या पाद्रींनी तो नंतरही लिहिला असणे शक्य आहे. तो सापडलाच, तर ठेवायचा की गाळायचा हे तुम्ही दोघांनी ठरवा. त्यात आईला किंवा मामांना हरकत असण्याचे कारण नाही.